न वटलेला चेक आणि राजीखुशीची तडजोड



इतिहासावर बोलायचे म्हटले की श्रोत्यांच्या डोळ्यांपुढे गडकोट, स्वाऱ्या आणि तहनामे उभे राहतात. आजच्या माझ्या विषयात यांपैकी फक्त तह आहे, आणि तोही दोन राजांमधला नाही. घेणेकरी आणि देणेकरी अशा दोन साध्या माणसांमधला आहे. बँकेतून चेक परत येतो. त्यावरून फौजदारी खटला उभा राहतो. वर्षानुवर्षे तारखा पडतात, आणि एके दिवशी फिर्यादी व आरोपी एकाच कागदावर सह्या करून मोकळे होतात. कायद्याच्या दृष्टीने आरोपी निर्दोष सुटतो. ऐकणाऱ्याला याचे नवल वाटावे. दरोडा घालणारा आणि ज्याच्या घरी दरोडा पडला तो यांनी आपसात मिटविले, तर कायदा ते मानीत नाही. कारण गुन्हा हा साऱ्या समाजाचा अपराध समजला जातो. मग न वटलेल्या चेकच्या गुन्ह्यातच ही मोकळीक का?

या प्रश्नाचे उत्तर नुसती कलमे वाचून मिळत नाही, त्यासाठी मागे जावे लागते. देणे न फेडणाऱ्याचे काय करावे, हा आपल्या समाजापुढचा फार जुना प्रश्न आहे. त्याला कोंडून ठेवावे की त्याच्याकडून पैसा वसूल करावा? दोन्ही एकदम सहसा साधत नाही, कारण कोंडलेला माणूस कमावीत नाही. मी वकील नाही. कामगार संघटनेच्या कामात, वाटाघाटीच्या टेबलाशी बसून जेवढा कायदा अंगी लागला तेवढाच माझ्यापाशी आहे. पण त्या अनुभवाच्या उजेडात हा इतिहास वाचताना मला एक गोष्ट स्पष्ट दिसते: तुरुंगाचे भय हे दोघांना एका टेबलाशी आणण्याचे साधन आहे आणि तडजोड हा या कायद्याचा खरा व्यवहार आहे. मात्र ती वेळेवर झाली पाहिजे आणि दोघांच्या राजीखुशीने झाली पाहिजे. नाहीतर तडजोड या गोड नावाखाली दुबळ्याची लूट होते.

प्रथम आपल्याच घरचा इतिहास पाहू. पेशवाई संपल्यावर एल्फिन्स्टनने १८१९ साली जिंकलेल्या मुलखाविषयी जो अहवाल लिहिला, त्यात येथील देण्याघेण्याच्या रीतींचे वर्णन आहे. कर्ज वसूल करण्याचा रूढ मार्ग म्हणजे तगादा. त्याची सुरुवात साध्या मागणीपासून होई आणि शेवट ऋणकोच्या दारात धरणे धरण्यापर्यंत जाई. सावकाराने दारात बसावे, स्वतः उपाशी राहावे आणि त्यालाही जेवू देऊ नये, असा तो प्रकार. आज आम्ही कामगार मंडळी धरणे धरतो तेव्हा हे हत्यार एके काळी सावकाराचे होते हे कोणाच्या ध्यानीमनीही नसते.

तगाद्याने भागले नाही तर प्रकरण पंचायतीपुढे जाई. तेथे पहिली गोष्ट कोणती, तर दोन्ही पक्षांनी राजीनामा लिहून द्यायचा. आज कामगाराला राजीनामा म्हटले की नोकरीवर पाणी सोडण्याचा कागद आठवतो, आणि तो बहुधा राजीखुशीचा नसतो हेही आठवते! पण त्या काळी राजीनामा म्हणजे आम्ही अमुक पंचांचा निवाडा मान्य करण्यास राजी आहो, असे संमतिपत्र. पाठोपाठ जामीन द्यावा लागे. निवाडा झाल्यावर हरलेल्या पक्षाकडून यजितखत, म्हणजे आपली बाजू खोटी ठरली याची कबुली, लिहून घेत. म्हणजे आधी संमती, मग जामीन, शेवटी लेखी कबुली, अशी तीन पावले होती. ही तीन पावले लक्षात ठेवावी. पुढे दोनशे वर्षांनी हीच पावले आपल्याला कोर्टाच्या आवारात पुन्हा भेटणार आहेत.

व्यापाऱ्यांचा रिवाज याहून सुधारलेला होता. त्यांची हुंडी ही आजच्या चेकची वडील बहीण. दर्शनी हुंडी दाखविताच पैसे, मुदती हुंडी ठरल्या मुदतीने. हुंडी हरवली तर पेठ, पेठ हरवली तर परपेठ, अशी दुसरी-तिसरी प्रत देण्याची सोय होती. आणि हुंडी स्वीकारली गेली नाही तर? त्यासाठी जिकरी चिठ्ठी नावाची एक सुंदर योजना होती. हुंडी ज्या गावी वटायची त्या गावातील एखाद्या प्रतिष्ठित पेढीच्या नावे ही चिठ्ठी असे. तीत विनंती असे की, ही हुंडी कोणी नाकारली तर आमच्या इभ्रतीखातर तुम्ही ती सकारावी. भांडण उभे राहण्याआधीच ते मिटविण्याची तजवीज कागदाबरोबरच प्रवास करीत होती. पत गेली तर धंदा गेला, हे ज्या समाजात प्रत्येकाला ठाऊक होते, त्या समाजात हुंडीला तुरुंगाचा आधार लागला नाही.

शेतकऱ्याची गोष्ट मात्र वेगळी. त्याच्या बाजूने जुन्या धर्मशास्त्राने एक बांध घातला होता, दामदुपटीचा. व्याज मुद्दलाहून अधिक वाढू नये, म्हणजे एका वेळी मिळून दुपटीपेक्षा जास्त मागू नये. इंग्रजी राज्यात हा नियम मुंबई इलाख्यातील न्यायालयांनी हिंदू ऋणकोपुरता मानला. पण दिवाणी कोर्टाचा हुकूमनामा, जप्ती आणि कैद ही नवी हत्यारे सावकाराच्या हाती आली. ऋणको निरक्षर, रोखा सावकाराने लिहिलेला, त्यावर अंगठा ऋणकोचा. गावाच्या पंचायतीत त्याला निदान तोंड होते, कोर्टात तेही राहिले नाही. याचा स्फोट १८७५ च्या मे महिन्यात झाला. १२ मे रोजी पुणे जिल्ह्यातील सुपे येथे शेतकरी उठले आणि पुणे-नगर भागात दंग्याचे लोण पसरले. त्यांचा रोख होता तो सावकाराच्या दप्तरावर. रोखे आणि गहाणखते त्यांनी चव्हाट्यावर जाळली.

सरकारने चौकशी आयोग नेमला आणि त्यातून १८७९ चा दख्खन शेतकरी साहाय्य कायदा आला. तो आरंभी पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर या चार जिल्ह्यांना लागू होता. त्यातील दोन गोष्टी आपल्या विषयाच्या. पैशाच्या हुकूमनाम्यापोटी शेतकऱ्याला अटक वा कैद करता येणार नाही, ही पहिली. दुसरी अशी की, दाव्याआधी समेट घडवून आणण्यासाठी सरकारने तडजोड करणारे गृहस्थ नेमावे. ज्या कायद्याने तुरुंगाचे दार बंद केले, त्याच कायद्याने तडजोडीचे दार उघडले. हा योगायोग नव्हे. एक दार बंद केले की दुसरे उघडावे लागते, नाहीतर घेणेकऱ्याला न्याय मिळत नाही.

पुढली साठ वर्षे वारे याच दिशेने वाहिले. १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेत पैशाच्या हुकूमनाम्यापोटी स्त्रियांना अटक करण्यास मनाई राहिली. १९३६ च्या दुरुस्तीने पुरुषांनाही बरेच संरक्षण मिळाले; ऐपत असून जो अप्रामाणिकपणे देणे टाळतो त्यालाच कैद. १९८० साली, कोचीनच्या एका बँकेने आणलेल्या प्रकरणात, सर्वोच्च न्यायालयाच्या न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी हे तत्त्व ठणकावून सांगितले. गरिबीमुळे देणे थकले म्हणून माणसाला तुरुंगात टाकणे संविधानाशी विसंगत आहे, असा त्या निकालाचा आशय. कामगारवर्गाने हा निकाल विसरू नये.

आता चेककडे वळू. १८८१ चा परक्राम्य संलेख कायदा हा चेक, हुंडी आणि वचनचिठ्ठी यांचा मूळ कायदा. देशी भाषांतील हुंड्यांच्या स्थानिक रूढींना त्याने मुद्दाम हात लावला नाही. या कायद्यात चेक न वटणे हा गुन्हा नव्हता. पैसे बुडाले तर दिवाणी दावा लावायचा. मुळातच फसविण्याचा हेतू होता असे दाखविता आले, तर भारतीय दंड संहितेच्या ४२० व्या कलमाखाली फिर्याद करायची. हेतू सिद्ध करणे फार कठीण. तरीही शंभर वर्षे काम भागले, कारण चेकबुक फार थोड्यांच्या खिशात होते.

हे चित्र १९६९ नंतर पालटले. त्या वर्षी जुलैत १४ मोठ्या बँकांचे राष्ट्रीयीकरण झाले आणि बँक तालुक्याच्या गावात पोहोचली. आपल्याकडे नागरी सहकारी बँका आणि पतसंस्था गल्लोगल्ली निघाल्या. दुकानदार, कंत्राटदार, बागाईतदार, लघुउद्योजक असे सारे चेक लिहू लागले, आणि कसेही लिहू लागले. हुंडीमागे पेढीची इभ्रत होती. या नव्या चेकमागे अनोळखी माणसाची नुसती सही होती. चेकवरचा विश्वास उडाला तर व्यापार अडणार, म्हणून संसदेने १९८८ साली मूळ कायद्यात नवे प्रकरण घातले. १३८ ते १४२ ही कलमे १ एप्रिल १९८९ पासून अमलात आली. देण्यापोटी दिलेला चेक खात्यात पुरेसे पैसे नसल्यामुळे परत आला, तर एक वर्षापर्यंत कैद, किंवा चेकच्या रकमेच्या दुपटीपर्यंत दंड, किंवा दोन्ही.

दुप्पट हा आकडा ऐकून दामदुपटीची आठवण होते. त्यांचा एकमेकांशी संबंध नाही, हे मी जाणतो. पण फरक बोलका आहे. जुनी दुप्पट ही ऋणकोच्या रक्षणाची मर्यादा होती, नवी दुप्पट ही त्याच्या शिक्षेची मर्यादा झाली. १८७९ पासून ऋणकोवरून हळूहळू उतरत गेलेले तुरुंगाचे सावट एकशेदहा वर्षांनी चेकच्या वाटेने परत आले. इतिहासाच्या दृष्टीने या कायद्याचा हा सर्वांत महत्त्वाचा अर्थ आहे, असे माझे नम्र मत आहे.

तरीही कायदा करणाऱ्यांनी एक शहाणपण केले होते. चेक परत आला की लगेच गुन्हा होत नाही. घेणेकऱ्याने लेखी नोटीस द्यावी लागते. त्यासाठी पूर्वी पंधरा दिवस होते, आता बँकेची खबर मिळाल्यापासून तीस दिवस आहेत. नोटीस पोहोचल्यावर चेक देणाऱ्याला पंधरा दिवस मिळतात. त्या पंधरा दिवसांत पैसे दिले तर गुन्हा घडतच नाही. त्यानंतर फिर्यादीला महिन्याची मुदत. म्हणजे या कलमाच्या पोटातच पहिल्या समेटाची जागा ठेवलेली आहे. जिकरी चिठ्ठीचे काम आता नोटीस करते म्हणा ना. नोटिशीला उत्तर न देता ती फाडून टाकणारे आणि नोटीस न घेता पोस्टमनला परत पाठविणारे, हे दोघेही आपल्या हाताने स्वस्तात मिटण्याची वेळ घालवितात.

आता या कायद्यातील मोठी उणीव पाहा. कोणते गुन्हे आपसात मिटविता येतील याची यादी १९७३ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या ३२० व्या कलमात होती. ती भारतीय दंड संहितेतील गुन्ह्यांची होती, आणि तीबाहेरचा गुन्हा मिटविता येणार नाही असेही तेथे स्पष्ट म्हटले होते. चेकचा गुन्हा वेगळ्या कायद्यातला, म्हणून यादीत नाही. परिणाम असा की फिर्यादीला पैसे मिळाले, आरोपीने ते दिले, दोघे हात जोडून कोर्टापुढे उभे राहिले, तरी खटला कायदेशीरपणे मिटविण्याचा मार्गच नव्हता. चौदा वर्षे न्यायालयांनी आडवाटा शोधल्या. कोणी फिर्याद काढून घेऊ दिली, कोणी शिक्षा नाममात्र केली, आणि वरिष्ठ न्यायालयांनी अपिलातही तडजोड मान्य केल्याची उदाहरणे घडली. व्यवहार पुढे गेला होता, कायदा मागे रेंगाळत होता.

शेवटी २००२ साली दुरुस्ती झाली आणि ६ फेब्रुवारी २००३ पासून ती लागू झाली. एका हाताने कायद्याने शिक्षा वाढविली, एक वर्षाची कैद दोन वर्षांपर्यंत नेली. दुसऱ्या हाताने १४७ वे कलम घातले. फौजदारी प्रक्रिया संहितेत काहीही असले तरी या कायद्याखालचा प्रत्येक गुन्हा आपसात मिटविता येईल, एवढेच ते कलम सांगते. एका वाक्याचे हे कलम. पण कोर्टाच्या आवारात त्याने जेवढे घडविले तेवढे मोठमोठ्या प्रकरणांनीही घडविले नसेल. २०२४ च्या जुलैपासून जुन्या संहितेची जागा भारतीय नागरिक सुरक्षा संहितेने घेतली, तरी १४७ वे कलम जागच्या जागी आहे.

मोकळीक मिळाली की तिचा गैरवापरही होतो. आरोपी विचार करू लागला: खालच्या कोर्टात लढू, हरलो तर सत्र न्यायालयात, मग उच्च न्यायालयात, आणि तुरुंगाच्या दारात पोहोचलो की पैसे देऊन मिटवू. तोवर फिर्यादीची दमछाक होते. मे २०१० मध्ये सरन्यायाधीश बालकृष्णन यांच्या पीठाने यावर एक हिशेबी तोड काढली. पहिल्या-दुसऱ्या तारखेला मिटविले तर काही भार नाही. त्यानंतर मॅजिस्ट्रेटपुढे मिटविले तर चेकच्या रकमेच्या १० टक्के, सत्र किंवा उच्च न्यायालयात १५ टक्के, सर्वोच्च न्यायालयात २० टक्के रक्कम विधी सेवा प्राधिकरणाकडे भरायची. या गुन्ह्यात शिक्षेपेक्षा भरपाईला अग्रक्रम द्यावा, असा त्या निकालाचा गाभा आहे. सप्टेंबर २०२५ मध्ये, गोव्यातून गेलेल्या एका प्रकरणात, सर्वोच्च न्यायालयाने हे दर उतरविले. आता आरोपीच्या बचावाचा पुरावा नोंदला जाण्यापूर्वी मिटले तर काहीच भरावे लागत नाही. त्यानंतर पण निकालापूर्वी ५ टक्के, सत्र व उच्च न्यायालयात साडेसात टक्के आणि सर्वोच्च न्यायालयात १० टक्के.

एवढी घाई का, हे आकड्यांवरून कळेल. २०१९ च्या अखेरीस देशातील न्यायालयांत २ कोटी ३१ लाख फौजदारी प्रकरणे पडून होती, आणि त्यांपैकी ३५ लाख १६ हजार केवळ चेकची होती. म्हणजे साधारण सातांत एक. गुजरातेतील एका खटल्यात १ लाख ७० हजार रुपयांचे चेक २००५ साली परत आले आणि प्रकरण पंधरा वर्षे खालून वर फिरत राहिले. ते पाहून सर्वोच्च न्यायालयाने २०२० साली हा प्रश्न आपण होऊन हाती घेतला. पंधरा वर्षांत त्या रुपयांची किंमत काय उरली असेल, हे सांगायला अर्थशास्त्रज्ञ नको.

या तुंबलेल्या प्रवाहाला सर्वांत मोठी वाट लोकअदालतीने करून दिली. गुजरातेत जुनागढ जिल्ह्यातील ऊना येथे मार्च १९८२ मध्ये लोकअदालत भरली. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याने तिला कायद्याचा पाया दिला. तो कायदा ९ नोव्हेंबर १९९५ पासून अमलात आला. लोकअदालतीत पॅनेलपुढे दोन्ही पक्ष बसतात. रक्कम आणि हप्ते ठरतात. मग तडजोडीची पुरशीस लिहून तीवर दोघांच्या सह्या होतात. हीच ती आपली जुनी पावले! राजीनाम्याच्या जागी संमती, यजितखताच्या जागी पुरशीस. उणीव होती ती जामिनाची, म्हणजे शब्द मोडला तर काय याची. ती २०११ च्या नोव्हेंबरात भरून निघाली. चेकच्या फौजदारी खटल्यात लोकअदालतीने दिलेला निवाडा हा दिवाणी हुकूमनाम्यासारखा वसूल करता येतो, असे सर्वोच्च न्यायालयाने ठरविले. शिवाय या निवाड्यावर अपील नाही.

तडजोडीपोटी दिलेला नवा चेकही परत आला तर? हा प्रसंग वारंवार येतो. २०२१ च्या ऑक्टोबरात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, तडजोड झाली की जुनी फिर्याद तीत विलीन होते. नवा चेक न वटल्यास त्यावर नवी फिर्याद होऊ शकते, पण एकाच देण्यापोटी जुनी आणि नवी अशी दोन्ही औते एकदम चालविता येणार नाहीत. म्हणून जुना दावा सोडताना नव्या कागदात काय लिहिले आहे, याला सोन्याची किंमत येते.

येथवर कायद्याची वाटचाल झाली. पण कायदा कागदावर दोघांना सारखे मानतो, टेबलाशी बसलेले दोघे सारखे नसतात. कामगार या खटल्यात दोन्ही बाजूंना उभा असलेला मी पाहिला आहे.

आमच्या भागात एक छोटा कारखाना बंद पडला. मालकाने कामगारांच्या हिशेबाचे तीन हप्त्यांचे, पुढल्या तारखांचे चेक दिले. पहिला वटला. दुसरा परत आला. मालक म्हणाला, पुढल्या महिन्यात पुन्हा भरा. कामगारांनी विश्वास ठेवला. पुन्हा भरले तेही परत आले. तीस दिवसांत नोटीस दिलीच पाहिजे, आणि १ एप्रिल २०१२ पासून चेकची मुदतच तीन महिन्यांची आहे, हे ज्यांना संघटनेने गाठून सांगितले त्यांची फिर्याद टिकली. जे गावी निघून गेले होते त्यांचे दिवस उलटले. पुढे लोकअदालतीत मिटले तेव्हा ज्यांच्या हाती फिर्याद होती त्यांना रक्कम मिळाली, इतरांना आश्वासन मिळाले. तडजोडीला बळ येते ते मुदतीत बजावलेल्या हक्कामुळे. संपाची नोटीस हाती असल्याशिवाय मालक बोलणी करीत नाही, हे आम्ही शिकलो होतो. चेकच्या नोटिशीचेही तसेच आहे.

दुसरी बाजू याहून कष्टाची आहे. मुलीच्या लग्नासाठी, दवाखान्यासाठी कामगार कर्ज काढतो. कर्ज देताना त्याच्याकडून कोरे चेक सही करून घेतले जातात. पूर्वी निरक्षराचा अंगठा होता, आता साक्षराची सही आहे, कागद कोराच. हप्ते थकले की रक्कम भरली जाते आणि चेक परत येतो. २०१९ साली सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की, स्वेच्छेने सही करून दिलेल्या कोऱ्या चेकवरही देणे असल्याचे गृहीत धरले जाईल. हे गृहीत खोडून काढता येते, आणि त्यासाठी फौजदारी गुन्ह्याएवढा कडक पुरावा लागत नाही, शक्याशक्यतेचा तोल आपल्या बाजूला झुकला तरी पुरे. हे २०१० साली ठरलेले आहे. पण ज्याला वकील परवडत नाही तो खोडणार कसा? तो वॉरंटाच्या भीतीने लोकअदालतीत येतो आणि पुढे सरकविलेल्या कागदावर सही करतो. मुद्दल किती, व्याज किती, आजवर भरलेले हप्ते वजा केले की नाही, हे तो विचारीतही नाही. अशा सहीला मी राजीखुशी म्हणणार नाही. ती आजच्या अर्थाची राजीनाम्याची सही झाली, पेशवाईतल्या अर्थाची नाही.

संमतीचा हा प्रश्न न्यायालयांपुढेही आला. फिर्यादीच्या संमतीशिवाय तडजोड होत नाही, असे २०१२ साली ठरले. २०१७ साली एका निकालात म्हटले गेले की, फिर्यादीला पुरेशी भरपाई मिळाली असेल तर त्याच्या संमतीवाचूनही मॅजिस्ट्रेट खटला बंद करू शकेल. २०२१ च्या एप्रिलमध्ये घटनापीठाने मॅजिस्ट्रेटला असा अधिकार नाही, असे सांगितले. फिर्यादीच्या संमतीचे रक्षण असे झाले, ते योग्यच आहे. आरोपीच्या संमतीचे रक्षण कोणी करायचे? ते काम पॅनेलवर बसणाऱ्यांचे आणि आपल्यासारख्या संस्थांचे आहे. २०१८ च्या दुरुस्तीने खटला चालू असतानाच २० टक्क्यांपर्यंत अंतरिम भरपाई देवविण्याचा अधिकार न्यायालयाला मिळाला, आणि शिक्षेवरच्या अपिलात किमान २० टक्के रक्कम भरायला लावता येते. मातब्बर बुडव्याला हे औषध चांगले आहे. हातावर पोट असणाऱ्याला त्याची मात्रा बेताने द्यावी लागेल. १९८० च्या निकालाची आठवण अशा वेळी ठेवावी.

संघटनेच्या करारांवरून मी काही साधे नियम शिकलो, ते चेकच्या तडजोडीला तंतोतंत लागू पडतात. रक्कम आकड्यांत आणि अक्षरांत लिहावी, आणि तीत मुद्दल, व्याज व खर्च वेगवेगळे दाखवावे. हप्त्याची तारीख पगाराच्या तारखेनंतरची असावी. जो हप्ता भरलाच जाणार नाही तो लिहून कोणाचे भले होत नाही. एक हप्ता चुकला तर काय, किती दिवसांची सवलत, हे आधीच लिहावे. जुने चेक, विशेषतः कोरे चेक, परत मिळाल्याची नोंद त्याच कागदात करावी, नाहीतर मिटलेले भूत पुन्हा उठते. एकाच व्यवहारातून दिवाणी दावा किंवा दुसरी फिर्याद चालू असेल तर तिचाही निकाल तेथेच लावावा. आणि सही करण्यापूर्वी कागद दोघांना त्यांच्या भाषेत वाचून दाखवावा. पांढऱ्यावर काळे झाले की मागाहून बोलायला जागा राहत नाही.

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, अशी आपल्याकडे म्हण आहे. ती घेणेकऱ्याला धीर देत नाही. ज्याच्या घामाचा पैसा चेकच्या रूपाने परत आला त्याने पायरी चढलीच पाहिजे, आणि मुदतीत चढली पाहिजे. तेथे त्याला हवे असते ते आपले देणे. आरोपीला तुरुंगात पाठवून त्याच्या घरची चूल पेटत नाही. सुप्याच्या शेतकऱ्यांनी रोखे जाळले, कारण त्यांच्याशी बोलणारे कोणी उरले नव्हते. दीडशे वर्षांनंतर बोलण्याची जागा कायद्याने करून दिली आहे, तिचा खर्चही कमी केला आहे. त्या जागी येणाऱ्या दुबळ्या माणसाला मुदत कोणती आणि हिशेब कोणता हे सांगणारे कोणीतरी शेजारी बसलेले असावे. वाचनालये, संघटना, पतसंस्थांचे सभासद यांनी एवढे काम अंगावर घेतले, तरी पुष्कळ तडजोडी खऱ्या अर्थाने राजीखुशीच्या होतील.